एचडीएमआय दोन

निळ्या पडद्यावर एक चौकट हिंडते: सिग्नल नाही.
कडेला आपटते, वळते, पुन्हा आपटते,
ओहोटीनंतर डबक्यात राहिलेल्या मासळीसारखी.

बाबा चारपासून खुर्ची पुढे ओढून बसलेत.
चष्मा दोनदा पुसून झाला.

मावशीचा हर्षल मालवणात पर्यटकांना पाण्याखाली नेतो.
मार्चात तो निवतीच्या खडकापाशी उतरला
कपाळाला कॅमेरा बांधून,
आणि पेनड्राइव्हवर तळ पाठवून दिला:
अकरा मिनिटं, चाळीस सेकंद.
बाबांनी त्याच पाण्यात एकोणचाळीस वर्षं नांगर टाकला.
तळ पाहिला नाही कधी.
दोरीला हात लावून सांगायचे, इथे वाळू, इथे खडक.

पेनड्राइव्ह टीव्हीला लावला, तर टीव्ही म्हणतो
हा प्रकार मला वाचता येत नाही.
म्हणून माझा लॅपटॉप. म्हणून ही केबल,
रत्नागिरीच्या ऑफिसातून सोमवारच्या बोलीवर आणलेली.

रिमोटवर सोर्स दाबते. एचडीएमआय एक. सेट-टॉप बॉक्स, कीर्तन.
एचडीएमआय दोन. निळं.
लॅपटॉप बंद करून चालू. निळं.
मी एकदम तीन गोष्टी बदलते,
रिझोल्यूशन, टोक, बटण,
आणि कशाने काय झालं ते मलाच कळेनासं होतं.

"चेडवा, एका टायमाक एकच गाठ सोडूची."

बरं. एकच गाठ.
केबल बदलून बघू, तर दुसरी केबल बॉक्सची.
ती लावली. निळंच.
म्हणजे केबल निर्दोष.
लॅपटॉप काल ऑफिसात चालला होता.
उरलं टीव्हीच्या पाठीवरचं भोक,
आणि पाठ भिंतीला चिकटलेली,
गणपतीत बसवून गेलेल्या पोरांनी
बोटभर जागा सोडलेली.
मोबाइलच्या उजेडात तिथे फक्त एक पाल दिसते.
तिचं म्हणणं, तुम्ही चालू द्या.

"वायच सर बघया."

बाबांनी डोळे मिटले. हात मागे घातला.
काळोखात जाळं विणलेली बोटं
काठाकाठाने फिरली:
एक बाजू रुंद, दुसरीचे कोपरे कापलेले.
मग थांबली.

"हय खार बसलो हा."

बोट पुढे केलं. टोकावर हिरवी पूड,
तांब्याच्या तपेल्याला लागते तशी.
समुद्र आमच्या घरात असाच येतो,
दाराने नाही.

मुख्य बटण बंद. नवा टूथब्रश,
औषधाच्या दुकानातलं स्पिरिट, दोन थेंब.
हलक्या हाताने, कारण आत एकोणीस पाती असतात
आणि वाकलेल्या पातीला उपाय नाही.
पंख्याखाली अर्धा तास वाळवलं.
त्या अर्ध्या तासात चहा झाला,
चुलत्याचा फोन झाला,
बाबा खुर्चीतून उठले नाहीत.

आता आधी टीव्ही, मग लॅपटॉप.
मी सांगितलं, दोघं आधी ओळख पटवतात,
नंतरच चित्र सोडतात.
"रात्रीच्या दोन होड्ये," बाबा म्हणाले. "बत्ती दाखवतत."
पडदा काळा झाला.
एक श्वास काळाच राहिला.

मग पाणी.

हिरवं, गढूळ, मग अचानक स्वच्छ.
आवाज मात्र लॅपटॉपमधूनच येत होता,
हर्षलचे बुडबुडे, डब्यात वाटाणे हलवल्यासारखे.
मी सेटिंग शोधायला वाकले,
तर बाबांनी हात आडवा केला.
"बंद कर तो. बुडाक आवाज कसलो?"

मुक्या पाण्यातून खडक गेला,
पिवळ्या पट्ट्यांच्या माशांचा घोळका गेला,
कुणाचं तरी फाटकं जाळं, शेवाळलेलं,
आणि सातव्या मिनिटाला, वाळूत अर्धा,
एका फाळाचा नांगर.

बाबा पुढे वाकले. इतके
की त्यांच्या कपाळावर निळा उजेड पडला.
बराच वेळ.

"ह्यो आमचो न्हय."

अकरा मिनिटं, चाळीस सेकंद संपली.
चौकट पुन्हा हिंडू लागण्याआधी
ते खुर्चीत मागे टेकले
आणि माझ्याकडे न बघता म्हणाले,
"परत लाव. सातव्यापासून."